‘इझाबेल पेनरिस’ची सव्वातीन वर्षं

मेरीपोर्ट, १५ मे १८७६

टेमर,

व्हाइटहेवनला तुमचं जहाज पाण्यात सोडलं त्या दिवशी मी आले नाही म्हणून तू खट्टू झालीस, असं विल्फने कळवलंय. खुशाल हो. माझ्या वडिलांनी जन्मभर ओकाच्या लाकडाची जहाजं बांधली. त्यांच्या कारखान्याच्या जागी आज कोळशाची वखार आहे, आणि ती लोखंडी जहाजांमुळे झाली हे इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. लोखंडाच्या टोपलीपुढे टाळ्या वाजवायला मला कुणी बोलावू नये.

तरी माझा मुलगा तिसाव्या वर्षी कप्तान झाला याचा मला आनंद नाही असं समजू नकोस. मालकांनी जहाजाला स्वतःच्या बायकोचं नाव दिलं म्हणे. त्या बाईंना होडीत पाय ठेवला की मळमळतं, हे त्यांना कुणी सांगितलं नाही वाटतं.

मला खुपतंय ते निराळं. तू त्याच्याबरोबर निघालीस. मी विल्फच्या वडिलांबरोबर कधी गेले नाही. घर धरून बसायचं, मुलं वाढवायची आणि वाऱ्याकडे कान लावायचा, एवढंच आमच्या वाट्याला आलं. लग्नाला वर्ष झालं नाही तोच तू पेटी भरलीस. तुझ्या आईने काही म्हटलं नाही, तेव्हा मी तरी काय म्हणणार?

लोकरी मोजे सहा जोड पाठवलेत. चार त्याचे, दोन तुझे. रम घालून केलेलं गोड लोणी मात्र पाठवत नाही; घरात बाळ आलं की ते करायचं असतं, आणि मला तशी बातमी अजून मिळालेली नाही. विल्फला म्हणावं, दर बंदरातून आईला स्वतःच्या हाताने पत्र लिही.

तुझी सासू,
ॲग्नेस फिअरन


कलकत्ता, ३ डिसेंबर १८७६

ती. सासूबाईंना सप्रेम नमस्कार.

लिव्हरपूलहून मीठ भरून निघालो ते इथे सुखरूप पोचलो. आता ताग भरताहेत. विल्फ्रिडने सोबत एक पान लिहिलंय, ते आधी वाचा आणि मग माझं.

तुमच्या रागाची मला पूर्ण जाणीव आहे, तरी जहाजाचं थोडं कौतुक करू द्या. ही बया वाऱ्यावर घोड्यासारखी पळते. दोषही आहेत. समुद्र जरा चढला की जहाजाची वरची फळी ओलीचिंब होते, आणि थंडीत लोखंडाला आतून घाम फुटून आमचं अंथरूण दमट होतं. सगळ्यात वाईट म्हणजे होकायंत्राची सुई. एवढं लोखंड भोवती असल्यावर ती बिचारी कुठे बघणार? निघण्याआधी जहाज जागच्या जागी गोल फिरवून सुई कुठल्या दिशेला किती खोटं बोलते ते टिपून घेतलं. त्यावर मेसेंजर म्हणाले, हिला खोटं कधी बोलायचं हे तरी ठरलेलं आहे, माझ्या मेव्हणीचं तेही नाही. मेसेंजर म्हणजे तुमच्या वरच्या आळीतले जोसेफ मेसेंजर. ते आमच्याकडे पहिले मेट आहेत. विल्फ्रिडच्या खालोखाल जहाज त्यांच्याच हातात.

बंगालच्या उपसागरात वारा पडला आणि कुणालाच काही काम उरलं नाही, तेव्हा विल्फ्रिडने मला सूर्याची उंची मोजायला शिकवलं. ती उंची जहाजाच्या घड्याळाशी ताडायची आणि आकडेमोड करून पूर्व-पश्चिम आपण कुठे आहोत ते काढायचं. पहिल्या दिवशी मी जहाज तिबेटात नेऊन ठेवलं. आता समुद्रात राहतं.

उन्हाने त्याचे डोळे मात्र फार चुरचुरतात. मी ओल्या फडक्याच्या घड्या ठेवते.

मोजे फार उपयोगी पडले.

आपली सून,
टेमर


मेरीपोर्ट, २० सप्टेंबर १८७७

टेमर,

तुम्ही दोघं गेल्या महिन्यात इथे आठवडाभर राहून गेलात. तुम्ही गेल्यावर मी खूप विचार केला, आणि आता लिहिते ते स्पष्टच लिहिते.

विल्फ दारात अडखळला. ज्या उंबऱ्यावर तो रांगायला शिकला त्या उंबऱ्यावर. जेवताना दुधाचा जग पाडला. बाजारात माझ्या बहिणीच्या अगदी समोरून गेला आणि तिला ओळख दिली नाही; ती दोन दिवस रडत होती. चॅपलमध्ये भजनाचं पुस्तक नुसतं हातात धरून उभा राहिला. बाळाच्या लोण्यातली रम सोडली तर आमच्या घरात तीन पिढ्या कुणी दारूला शिवलं नाही. बाटलीतला माणूस कसा चालतो ते मी धक्क्यावर जन्मभर पाहिलंय, त्यामुळे मला कुणी समजावून सांगू नये.

आणि तू प्रत्येक वेळी हसून विषय बदललास. जग पडला तर म्हणे तुझाच धक्का लागला. अशी पांघरुणं घालून माणूस सुधारत नाही. बरोबर राहायचा हट्ट धरून गेलीस ना, मग त्याचा काय उपयोग झाला ते सांग.

ॲग्नेस फिअरन


सॅन फ्रान्सिस्को, १८ मार्च १८७८

ती. सासूबाईंना नमस्कार.

तुमचं पत्र इथे आमची वाट पाहत होतं. मी ते दोनदा वाचलं. विल्फ्रिडला वाचून दाखवलं नाही.

तो दारू पीत नाही. एक थेंबही नाही. याहून जास्त मला आज लिहिता येत नाही, कारण मी कुणाला तरी शब्द दिला आहे. तुमचा माझ्यावर विश्वास नसेल तर तो मी मागून मिळणार नाही, पण तुमच्या मुलावर ठेवा.

दक्षिण अमेरिकेच्या टोकाला, हॉर्नच्या भूशिरापाशी आमचे फार हाल झाले. एका लाटेने स्वयंपाकघराचं दार आणि भांडी नेली. त्यानंतर कितीतरी दिवस कोरडी बिस्किटं आणि गार पाणी. तिथल्या ढगांत सूर्य क्षणभर दिसायचा. तेवढ्यात मी उंची मोजून घ्यायची आणि आकडे काढायचे. मेसेंजर आमच्या केबिनच्या दाराशी येऊन विचारायचे, कप्तानांचं काय म्हणणं आहे, कुठे आहोत? मी कागद विल्फ्रिडच्या हातात द्यायची आणि तो मोठ्याने सांगायचा. इझाबेलने आम्हाला त्यातून बाहेर काढलं. तुमच्या वडिलांनी तिला पाहिलं असतं तर रागावले असते, पण तिच्या पोटावरून एकदा हात फिरवल्याशिवाय राहिले नसते असं मला वाटतं.

आता गहू भरून परत येतोय. विल्फ्रिडचा नमस्कार.

टेमर


मेरीपोर्ट, ९ नोव्हेंबर १८७८

टेमर,

लंडनला गहू उतरवलात आणि उत्तरेला न येता तसेच सिडनीला निघालात. कारण मालकांची घाई. बरं.

दीड वर्षात विल्फच्या हातचं एक अक्षर मला मिळालेलं नाही. त्याच्या हातांना कंप सुटला असणार, तसं होतं. मी आता विचारणं सोडलं आहे. चॅपलमध्ये समुद्रावरच्या माणसांची नावं घेऊन प्रार्थना करतात तेव्हा मी त्याचं नाव सांगते. तुझंही सांगते, पण ते मला जड जातं.

ॲग्नेस फिअरन


न्यूकॅसल, न्यू साउथ वेल्स, २६ मे १८७९

ती. सासूबाईंना सप्रेम नमस्कार.

मी ज्याला शब्द दिला होता त्यानेच आज तो परत केला. तुमचं नोव्हेंबरचं पत्र मी वाचत असताना विल्फ्रिड समोर बसला होता. आईने काय लिहिलंय ते सगळं वाच, गाळू नकोस, म्हणाला. मी वाचलं. त्याने पत्र माझ्या हातातून घेऊन त्याची घडी केली. मग म्हणाला, “लिही तिला. आईला मी दारुडा वाटण्यापेक्षा आंधळा वाटलेला बरा.”

त्याची दृष्टी जाते आहे. कलकत्त्याहून परततानाच सुरुवात झाली होती. आधी बारीक अक्षरं गेली, मग कडेचं दिसेनासं झालं. आता एखाद्या नळीतून पाहावं तसं समोरचं थोडं दिसतं, तेही धुरकट. तुमचा उंबरा त्याला दिसला नाही. मावशी दिसल्या नाहीत. सिडनीच्या डॉक्टरांनी सांगितलं की डोळ्यामागची शीर सुकत चालली आहे आणि त्यावर इलाज नाही.

त्याने हे कुणाला कळू दिलं नाही, कारण कळलं असतं तर त्याच दिवशी जहाज हातचं गेलं असतं. लहानपणापासून दुसरं काही त्याने मनात आणलं नव्हतं, हे तुम्ही माझ्याहून जास्त जाणता. वाऱ्याचं आणि शिडांचं त्याला अजूनही सगळ्यांहून जास्त कळतं. दोरांच्या आवाजावरून तो शीड ओळखतो. आकडे तेवढे माझे असतात. मेट लोक दुपारी सूर्य पाहून उत्तर-दक्षिण काढतात, पण घड्याळावरून पूर्व-पश्चिम काढणं ही पहिल्यापासून कप्तानाची राखीव बाब असते, त्यामुळे कुणाला संशय आला नाही.

आम्ही ठरवलं आहे की ही शेवटची सफर. इथून कोळसा भरून सॅन फ्रान्सिस्को. तिथे तो जहाज दुसऱ्याच्या हाती देईल आणि आम्ही घरी येऊ. तुम्ही आम्हाला ठेवून घ्याल का, हे मला विचारायचं आहे. उत्तर सॅन फ्रान्सिस्कोच्या पत्त्यावर लिहा.

आपली,
टेमर


मेरीपोर्ट, २१ जुलै १८७९

टेमर,

ठेवून घ्याल का, हा काय प्रश्न झाला? घर त्याचं आहे. तुझंही आहे.

पत्र वाचून झाल्यावर काय करावं ते मला कळेना. शेवटी डोळे मिटून घरातून धक्क्यापर्यंत जाऊन पाहावं म्हणून निघाले. पिठाच्या दुकानापाशीच अडले आणि पोत्यांवर आपटले. दुकानदार धावत आला, म्हणाला, मिसेस फिअरन, तुम्हाला बरं नाही का? मी म्हटलं, माझं मेलीचं डोकं ठिकाणावर नव्हतं, आत्ता आलं.

माझ्या बहिणीला मी सगळं सांगितलं. या वेळी दोघी मिळून रडलो.

मागच्या खोलीची खिडकी उघडून जिना नीट करून घेते आहे. तोवर त्याला जप. आणि स्वतःला जप. हे मी आधीच्या पत्रांत लिहायला हवं होतं.

ॲग्नेस


ऑकलंड, न्यूझीलंड, २८ ऑक्टोबर १८७९

ती. सासूबाईंना सप्रेम नमस्कार.

मालकांच्या कचेरीतून तुम्हाला तारेची बातमी कळली असेलच. इझाबेल गेली. आम्ही सगळे आहोत. एकही माणूस गमावला नाही. हे वाक्य मी दिवसातून कितीदा तरी मनात म्हणते.

जूनमध्ये न्यूकॅसल सोडलं आणि काही आठवडे चांगले गेले. मग एका सकाळी सुतार कोठारातली हवा बघायला गेला आणि परत येऊन म्हणाला की खालून गंधकाचा वास येतो आणि लोखंड हाताला ऊन लागतं. कोळसा आपोआप पेटला होता. मेसेंजरनी खात्री करायला झाकण किंचित उचललं, तर वाफेचा असा लोट आला की त्यांचे दोन्ही तळहात भाजले. झाकण बंद केलं आणि सगळ्या भेगा ओल्या कॅनव्हासने बुजवल्या. हवा मिळाली नाही तर आग धुमसत राहते, भडकत नाही, एवढाच आधार.

कुठे जायचं यावर तिढा पडला. मेसेंजरचं म्हणणं, मागे फिरून न्यूझीलंड गाठावं; मोठा देश आहे, चुकणार नाही. पण त्यासाठी वाऱ्याच्या तोंडावर जावं लागलं असतं. माझ्या आकड्यांप्रमाणे उत्तरेला मंगाया नावाचं बेट होतं आणि वारा तिकडे नेणारा होता. पण ते बेट एवढंसं. आकडे थोडे जरी चुकले तर ते बाजूला राहून जाणार आणि पुढे मोकळा समुद्र. एवढ्या जणांचे जीव माझ्या बेरजेवर टांगायचे या विचाराने मी सगळे आकडे पुन्हा पहिल्यापासून केले.

विल्फ्रिडने सगळ्यांना वर बोलावलं. माझा दंड धरून तो उभा राहिला आणि म्हणाला, “माझे डोळे गेलेत. वर्ष होऊन गेलं, जहाज कुठे आहे ते ही सांगते आणि मी नुसतं बोलतो. आता ही म्हणते उत्तरेला बेट आहे. मेसेंजर, तुम्हाला पटत नसेल तर आत्ताच सांगा. मी तुमचं ऐकेन.”

मेसेंजर हाताला चिंध्या बांधून उभे होते. ते म्हणाले, “कप्तान, नकाशावर नाक टेकवून वाचणारा माणूस आम्हाला कळत नाही असं तुम्हाला वाटलं होय? हॉर्नपासून सगळ्या जहाजाला ठाऊक आहे. हॉर्नला बाईंचे आकडे चुकले नाहीत, म्हणून कुणी तोंड उघडलं नाही.” आणि मग सुकाणूवरच्या माणसाकडे वळून, “उत्तर.”

सासूबाई, त्या क्षणी मला त्या माणसांसमोर गुडघे टेकावेसे वाटले. आम्ही समजत होतो आम्ही त्यांच्यापासून लपवतोय, आणि तेच आम्हाला सांभाळत होते.

त्यानंतर आगीवर बसूनच प्रवास केला. फळ्यांमधलं डांबर उकळून वर यायचं. अनवाणी कुणाला चालता येईना. तुमचे मोजे मी फाडून लोकांच्या पायांना गुंडाळले. बाहेरून लाट आपटली की लोखंड तव्यासारखं चुरचुरायचं. सुतार म्हणाला, लाकडाचं जहाज असतं तर आग कधीच बाहेर आली असती आणि आपण होड्यांत असतो. इझाबेलने आग पोटात धरून ठेवली आणि चालत राहिली. मला ते तुम्हाला सांगायचं होतं.

रोज सूर्य मोजायची आणि रोज तेच आकडे पुन्हा पुन्हा करायची. शेवटी एका सकाळी वरच्या डोलकाठीवरून हाक आली. बेट जवळजवळ नाकासमोर होतं. मी तिथेच फळीवर बसले, आणि फळी इतकी तापलेली होती की लगेच उठावं लागलं. सगळे हसले. किती दिवसांनी हसले.

मंगायाला बंदर नाही. भोवती खडकांची कड आहे आणि तिच्यावर लाटा फुटतात. आम्ही होड्या उतरवल्या, पण ती कड ओलांडायची कशी कळेना. तिथल्या लोकांनी लांबूनच धूर पाहिला होता. ते अरुंद होड्या घेऊन लाटांतून आले आणि आम्हाला एकेक करून उचलून नेलं. विल्फ्रिडला मेतुआ नावाच्या माणसाने पाठीवर घेतलं आणि कमरेएवढ्या पाण्यातून खडकांवरून चालत किनाऱ्याला नेलं. विल्फ्रिड माफी मागत होता आणि मेतुआ गात होता. त्याची बायको तेरेआपी हिने मला आपल्या घरात आपल्या मुलींबरोबर ठेवलं, मेसेंजरच्या हातांना खोबरेल लावून पानांत बांधलं. आम्हाला काही कमी पडू दिलं नाही. अळूसारखे कंद भाजून, नारळ फोडून आधी आमच्यापुढे ठेवायचे आणि आम्ही खाल्ल्यावर स्वतः खायचे. आम्ही काही देऊ केलं तर त्यांना ते कळायचंच नाही. त्यांनी एकच मागणं केलं. त्यांच्या देवळात आमचं एक भजन म्हणा. आम्ही म्हटलं. काजळी लागलेले, फाटके, बेसूर. तेरेआपी डोळे पुसत होती.

इझाबेल दोन दिवस कडेच्या बाहेर तरंगत जळत राहिली. नंतर एका दुपारी डोलकाठ्या पडल्या. सगळे खलाशी किनाऱ्यावर टोप्या काढून उभे राहिले. विल्फ्रिड म्हणाला, मला सांगत राहा. मी सांगत राहिले. आता मधली काठी वाकली. आता पाठीमागची बाजू खाली गेली. आता नाक वर आलंय, त्यावर ऊन पडलंय. आता नाही.

तो म्हणाला, “चांगलं जहाज होतं. आम्ही उतरेपर्यंत थांबलं.”

एका व्यापारी गलबताने आम्हाला इथे आणलं. चौकशी झाली. कोळसा पेटला यात कुणाचा दोष नाही असं ठरलं. विल्फ्रिडने डोळ्यांबद्दल स्वतःच सांगितलं आणि कप्तानकीचा दाखला टेबलावर ठेवून दिला. मी भीत होते, पण बाहेर येताना त्याचा चेहरा कितीतरी मोकळा होता.

सॅन फ्रान्सिस्कोला तुम्ही लिहिलं असेल तर ते आमच्या हाती आलेलं नाही. तुम्ही ‘नका येऊ’ म्हटलं असेल तर तेही आम्हाला माहीत नाही. आम्ही निघतोय. मार्चमध्ये लंडनला पोचू. आणि मला चौथा महिना आहे.

आपली,
टेमर


मेरीपोर्ट, १९ फेब्रुवारी १८८०

(लंडनला उतरल्यावर द्यावे)

टेमर, बाळ,

सप्टेंबर सरला तरी सॅन फ्रान्सिस्कोहून पोचल्याची बातमी येईना, तेव्हा माझी काय गत झाली ते मी कुणाला सांगणार नाही. मग तार आली. मग तुझं पत्र. ते मी दारातच उभं राहून वाचलं आणि वाचतच वरच्या आळीत मेसेंजरांच्या घरी गेले, डोक्यावर टोपीसुद्धा नव्हती. त्यांच्या बायकोला जोसेफचं म्हणणं वाचून दाखवलं. ती म्हणाली, माझा मेला आयुष्यात एवढं लांब वाक्य कधी बोललेला नाही. मग आम्ही चहा केला आणि तो तसाच गार झाला.

तेव्हापासून माझ्या दाराला उसंत नाही. तुमच्या जहाजावर या गावची सातआठ माणसं होती. त्यांच्या आया येतात, बायका येतात. कुणी ओटची भाकरी आणतं, कुणी हेरिंग मासे. तुझ्यासाठी म्हणून ठेवून जातात. मी सांगते, ती आल्यावर तिच्याच हातात द्या, हेरिंग मार्चपर्यंत टिकत नाही. ऐकत नाहीत. मी खाल्ले.

सॅन फ्रान्सिस्कोला मी लिहिलं होतं. या म्हणून लिहिलं होतं. जिना दुरुस्त करून घेतलाय म्हणून लिहिलं होतं.

रविवारी मी चॅपलमध्ये उभी राहिले. मेतुआचं आणि तेरेआपीचं नाव घेतलं. मला ते नीट म्हणता आलं नाही, पण ज्याला कळायचं त्याला कळलं असेल. जोसेफ मेसेंजरचं घेतलं. मग म्हटलं, माझ्या वडिलांची क्षमा मागून मी त्या लोखंडी जहाजाबद्दलही उपकार मानते. आणि शेवटी तुझं नाव घेतलं. या वेळी ते जड गेलं नाही. मग मी खाली बसले.

रमचं लोणी मोठी बरणी भरेल एवढं केलंय. बाळाआधी करायचं नसतं, असं माझी बहीण म्हणाली. तिला मी घरी पाठवलं.

एक गोष्ट तुला न विचारता केली आहे. धक्क्यावरची दोन माणसं मेटच्या परीक्षेला बसणार आहेत. गणित शिकवशील का म्हणून विचारायला आली. मी हो म्हणून टाकलं. समोरची खोली शिकवणीला बरी पडेल. विल्फ त्यांना वाऱ्याचं सांगेल आणि तू आकड्यांचं. मी बाळाला घेईन.

गाडी किती वाजता येते ते कळव. फलाटावर मी एकटीच येईन, बाकीच्यांना घरीच बसायला सांगितलंय. आधी कुणाला जवळ घ्यायचं ते मात्र अजून ठरत नाही. विल्फ माझा मुलगा आहे, पण त्याला आईची सवय आहे, तो थांबेल. तेव्हा बहुतेक तुला.

तुझी,
ॲग्नेस